इकडे बघणारी माणसं

कल्याणच्या त्या घरी मी पहिल्यांदा गेलो तेव्हा काकांनी 'या' म्हणण्याआधी मला खिसे उलटे करायला लावले. काडेपेटी निघाली. मेलेला उंदीर उचलावा तशी ती त्यांनी दोन बोटांत धरली, ओट्याखालच्या दगडावर नेऊन ठेवली आणि वर करवंटी उपडी घातली. मग माझ्या चपला उलट्या करून पाहिल्या. टाचेला लोखंडी खिळे होते. "ह्याही बाहेरच," ते म्हणाले. "फरशीवर घासल्या की ठिणगी पडते." मी म्हटलं, इथे फरशी कुठे आहे, सारवलेली जमीन आहे. त्यांनी जमिनीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "तरीपण."

ह्या 'तरीपण'ने पुढची तीन वर्षं माझा जीव खाल्ला.

साल पंचावन्न-छप्पन असेल. मी डोंबिवलीला एका खोलीत राहत होतो आणि दादरला माहितीपट काढणाऱ्या एका लहानशा कंपनीत नोकरी करत होतो. नोकरीला धड नाव नव्हतं. पटात जिथे जुना काळ दाखवायचा असेल तिथे जोडायला जुन्या फिल्मचे तुकडे शोधून आणायचे, एवढंच काम. त्यासाठी मी बंद पडलेल्या स्टुडिओंच्या पडव्या धुंडाळल्या, थिएटरांच्या माळ्यांवर चढलो, एका संस्थानिकाच्या दिवाणजींच्या नातवाबरोबर चार दिवस पत्ते खेळलो. पण सगळ्यांत जास्त माल होता तो कल्याणच्या काकांकडे. माझे ते नात्याने कोणी नव्हते, सगळेच त्यांना काका म्हणत. सगळ्यांत जास्त मनस्तापही तिथेच होता.

त्या काळची जुनी फिल्म म्हणजे भयंकर पेटणारी वस्तू. एकदा पेटली की पाणी ओतूनही विझत नसे. काकांच्या दोन खोल्यांत तिचे दीडशेवर डबे ओल्या गोणपाटाखाली मांडलेले होते. त्यामुळे त्या घरात आग म्हणून चालत नसे. चूल नाही, शेगडी नाही, कंदील नाही. काकू परसातल्या पत्र्याच्या शेडमध्ये स्वयंपाक करत आणि पावसाळ्यात डोक्यावर सूप धरून आमटी घरात आणत. ती पानात पडेपर्यंत गार झालेली असे. देवापुढे निरांजन नसे. काका आंघोळ करून सोवळ्यात उभे राहत, हातात बॅटरी घेत आणि घंटा वाजवत देवाला बॅटरी ओवाळत. शेवटी बटण बंद करत. मी पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा मला हसू आवरेना. काकू माझ्याकडे बघून म्हणाल्या, "हस बाबा. मला हसून हसून बावीस वर्षं झाली."

रोज सकाळी ते डब्यांचा वास घेत फिरत. फिल्म बिघडायला लागली की आंबूस वास येतो, तो त्यांना दोन डबे पलीकडून कळायचा. "आज छत्रीवालीचं काही खरं नाही," असं म्हणून ते एक डबा सावलीत हलवत, झाकण किलकिलं करून ठेवत आणि दुपारी दोनदा उठून बघत. काकू शेडमधून ऐकवत, "मागल्या महिन्यात मला हिवताप होता, तेव्हा एकदा तरी झाकण उघडून पाहिलंत का?"

छत्रीवाली म्हणजे काय, तर डबा. काकांच्या डब्यांवर चिठ्ठ्या नव्हत्या. साल नाही, गाव नाही, विषय नाही. प्रत्येक डब्याला त्यातल्या एका माणसाचं नाव होतं, आणि ते फक्त त्यांना ठाऊक होतं. छत्रीवाली, तीन भाऊ आणि म्हैस, कान खाजवणारे मामलेदार, हिरू. मला कंपनीचे साहेब सांगणार, जुना बाजार हवा, जुना पूल हवा. मी कल्याणला पोस्टकार्ड टाकणार, "आपल्याकडे जुन्या बाजाराचे काही आहे काय?" आणि उलट टपाली उत्तर येणार, "बाजारात कोण आहे ते कळवावे." ते मला कसं कळणार? मग मी सुट्टीच्या दिवशी जाऊन त्यांच्यासमोर बसायचो आणि ते एकेका माणसाची हकीकत सांगत दुपार घालवायचे. बाजार मिळायचा तो चौथ्या डब्यात, सूर्य कलल्यावर.

हे असं का, तेही सांगायला हवं. तरुणपणी काकांचा तंबूतला सिनेमा होता. ठाणं, भिवंडी, कल्याण, मुरबाड असा ते तंबू घेऊन फिरत. गावात आले की लोक आपोआप येत नसत. म्हणून त्यांनी हाताने फिरवायचा एक कॅमेरा मिळवला होता. पहिल्या दिवशी तो घेऊन बाजारात, शेतावर, धक्क्यावर जायचं, दिसेल त्याला "इकडे बघा" म्हणून ओरडायचं आणि त्याचं चित्र घ्यायचं. तीन-चार दिवसांत फिल्म धुऊन तयार, की तंबूत मोठ्या खेळाआधी ती दाखवायची. स्वतःचं तोंड पडद्यावर बघायला सगळं गाव लोटायचं. म्हणजे तोंड दिसलं पाहिजे हा त्यांच्या धंद्याचा पहिला नियम. त्यांच्या दीडशे डब्यांत कॅमेऱ्याकडे न बघणारा माणूस सापडणं कठीण होतं. म्हशीसुद्धा बघत.

आमच्या धंद्याचा पहिला नियम नेमका उलटा होता. माहितीपटात कोणी कॅमेऱ्याकडे बघितलं की तो तुकडा बाद. माणसं कशी आपापल्या कामात गुंग दिसली पाहिजेत, कॅमेरा तिथे नाहीच असं वाटलं पाहिजे. मी हे काकांना एकदा समजावून सांगितलं. ते म्हणाले, "म्हणजे तुम्ही चोरून बघता."

एकदा साहेबांना स्वातंत्र्याच्या सकाळचा आनंदी जमाव हवा होता. काकांकडे एक झकास जमाव मला माहीत होता. शे-दोनशे माणसं टोप्या उडवतायत, हसतायत. मी मागितला. काका म्हणाले, "हा भिवंडीच्या कुस्त्यांचा फड आहे. वीस-एक वर्षांपूर्वीचा. एका पैलवानाचा लंगोट सुटला म्हणून हसतायत सगळे."

"कोणाला कळणार आहे, काका?"

"पहिल्या रांगेतला चौथा माणूस जिवंत आहे. तो विचारेल, मी तर लंगोटाला हसत होतो, मला देशासाठी कधी हसवलंत?"

"तो मुंबईला कशाला येतोय पिक्चर बघायला?"

"नाही येणार. तरीपण."

मी रिकाम्या हातांनी परतलो आणि साहेबांची बोलणी खाल्ली. असं चार-पाच वेळा झालं. चित्रात जे नाही ते आहे म्हणून सांगायचं, हे त्या माणसाला जमतच नव्हतं. बाकीच्या बाबतींत खुशाल थापा मारायचे. उसनी आणलेली पुस्तकं परत केली म्हणायचे, काकूंना बाजारात वांगी नव्हती म्हणून सांगायचे. पण चित्राबद्दल नाही.

मग आला मिठाचा पट. ठाण्याच्या खाडीकाठची मिठागरं हा विषय होता आणि साहेबांना जुन्या काळातली मीठ उचलणारी माणसं हवी होती, अर्धं मिनिट तरी. मी ह्या वेळी हुशारीने पोस्टकार्डावर लिहिलं, "मिठागरावर कोण आहे?" उत्तर आलं, "हिरू आहे. भाद्रपदात यावे."

गेलो तो पितृपक्षातला एक दिवस होता. ओसरीवर एक बाई बसली होती, पन्नाशीची, उन्हाने काळवंडलेली, आडवं लुगडं नेसलेली. शेजारी झाकलेली टोपली. "ह्या बामाबाई. कोपरीहून येतात," काका म्हणाले. ते ठाण्याच्या पूर्वेकडचं, खाडीला लागून असलेलं आगऱ्यांचं गाव. काकांनी खिडकीत एक लाकडी पेटी ठेवली. तिच्या एका तोंडाला भिंग होतं, दुसरं तोंड उन्हाकडे. आत फिल्म लावली आणि दांडा हाताने फिरवला की चित्र हलायचं. बामाबाईंनी हात धुतले, पदर सावरला आणि भिंगाला डोळा लावला.

"आला," त्या हळूच म्हणाल्या. "वाकला. उचलला. आता फिरंल. फिरला." आणि मग बघत राहिल्या.

हिरू हा त्यांचा नवरा. हे चित्र घेतलं त्याच्या पुढच्याच पावसाळ्यात खाडीत होडी उलटून गेला. फोटो नाही, काही नाही. फक्त ही काही फूट फिल्म. दर वर्षी त्याच्या तिथीला बामाबाई यायच्या. आधी त्याचं तोंड बघायचं, मग काकांच्या परसातल्या दगडी गडग्यावर त्याच्या नावाचं पान ठेवायचं, अशी त्यांची रीत होती. घरी का नाही ठेवत, असं मी विचारलं. "घरी तो कुठं हाय?" त्या म्हणाल्या. "तो हितं हाय."

त्यांनी मलाही बघायला लावलं. मिठाची टोपली डोक्यावर घेऊन एक उंच माणूस पाठमोरा चालतोय. कानात बाळी. कोणीतरी हाक मारल्यासारखा वळतो आणि सरळ आपल्याकडे बघतो. मोठा ओशाळा चेहरा होता, काहीतरी लपवताना सापडल्यासारखा. मला त्यात काही विशेष वाटलं नाही. मी मनातल्या मनात फूट मोजत होतो.

पुढच्या उन्हाळ्यात पटाचं काम सुरू झालं, लांबलं, आणि श्रावण संपता संपता मी हिरूला मागायला गेलो. काका देईनात. मी तीन खेपा घातल्या. फिल्मला हात लागणार नाही, लॅबमध्ये प्रत काढून घेऊ, मूळ तुकडा आहे तसा तिथीच्या आधी आणून देईन, असं मी देवाच्या बॅटरीची शपथ घेऊन सांगितलं. शेवटी काकू म्हणाल्या, "द्या हो. पोरगा रोज येऊन गार चहा पितोय, त्याचं तरी काही बघा." काकांनी डबा दिला. ओल्या फडक्यात गुंडाळून, पंच्यात बांधून, मांडीवर घेऊन बसायचं, खिडकीत उन्हाला ठेवायचं नाही, शेजारी विडी ओढणारा बसला तर उठायचं.

लॅबवाल्यांनी प्रतीला आठ दिवस सांगितले. साहेबांना पट परवा दाखवायचा होता. मी विचार केला, मूळ तुकडाच एडिटरला नुसता बघायला द्यावा, लांबी ठरेल, मग सावकाश प्रत काढू. हा विचार माझा एकट्याचा. साहेबांनी सांगितलं नव्हतं, एडिटरने मागितलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी एडिटर मला म्हणाला, "मस्त आणलंस यार. चालतो काय झकास. पुढे साला कॅमेऱ्यात बघतो, ते उडवलं."

"उडवलं म्हणजे?"

"कापलं."

"मूळ तुकडा कापलास?"

"टेबलावर होता तो कापला. मला काय स्वप्न पडणार मूळ कुठला ते?"

त्याची काही चूक नव्हती. पंधरा वर्षं तो कॅमेऱ्याकडे बघणारी माणसं कापत आला होता, त्याच्या हाताला ती सवयच होती. कापलेला तुकडा टेबलाखालच्या पोत्यात गेला होता आणि पोतं सकाळीच ठाण्याला गेलं होतं.

ठाण्याला कळव्याच्या पुलाअलीकडे खाडीकाठी एक शेड होती. मुंबईतली रद्दी फिल्म तिथे पोत्यांनी यायची. उकळत्या हौदांत टाकून तिच्यावरचं चित्र धुऊन काढायचे. त्यातली चांदी वेगळी करायचे, आणि उरलेल्या काचेसारख्या स्वच्छ पट्ट्या बांगड्या करणाऱ्यांना जायच्या. ह्या शेडचं नाव काकांपुढे काढायची सोय नव्हती. एकदा मी काढलं तर ते पानावरून उठून गेले होते.

मी कल्याणला गेलो आणि सगळं सांगितलं. ते ओरडतील, डबे लाथाडतील, मला हाकलून देतील असं वाटलं होतं. त्यांनी विचारलं, "पोतं कधी गेलं?" आणि कोट घातला.

दोन दिवस आम्ही त्या शेडमध्ये होतो. मुकादम भला माणूस. त्याने मुंबईची पोती बाजूला काढून दिली. पण एका पोत्यात हजारभर तुकडे, आणि ते चाळणारे आम्ही दोघं. मी भराभर तुकडे बघत होतो आणि टाकत होतो. काका प्रत्येक तुकडा उन्हात धरत, डोळे बारीक करत आणि बाजूला ठेवत.

"ही बघ, हिच्या नाकातली नथ बघ. आणि हा कोण रे? घोड्याला घाबरलाय."

"काका, आपण हिरूला शोधतोय."

"हो, हो. तरीपण." असं म्हणून ती नथवाली त्यांनी कोटाच्या खिशात घातली. आमच्या समोर हौदाखाली जाळ चालला होता. दर तासाला एक पोतं त्यात रिकामं व्हायचं. आणि हा माणूस घोड्याला घाबरलेल्यांची काळजी करत बसला होता. मी इतका वैतागलो की एकदा त्यांच्या हातातून तुकडा हिसकावून घेतला. माझ्याकडे बघून त्यांनी पुढचा उचलला.

दुसऱ्या दिवशी दुपारी हिरू सापडला. सगळा नाही. पोतं ओतताना तुकडा मध्येच तुटला होता. वळायला लागतो तिथपासूनची चौदा चित्रं मिळाली. शेवटच्या चित्रात तो अर्धा वळलेला होता, कान आणि गाल दिसत होते. डोळे पुढच्या भागात होते. आम्ही आणखी तीन पोती पाहिली. मग मुकादमच म्हणाला, "काकाजी, वो सुबह का माल था. धुल गया."

परतताना काकांचे दोन्ही खिसे इतरांच्या तुकड्यांनी भरले होते. वाटेत ते एवढंच म्हणाले, "तिथीला तू यायचंस." मी समजलो. मला बामाबाईंसमोर उभं करून सांगायला लावणार. ते योग्यच होतं. मी वाक्यसुद्धा जुळवून ठेवलं.

तिथीला ऊन स्वच्छ होतं. बामाबाई आल्या, हात धुतले, पेटीपुढे बसल्या. काकांनी चौदा चित्रं मागच्या तुकड्याला चिकटवून ठेवली होती. मी दाराशी उभा होतो, काकू पाण्याचा तांब्या घेऊन शेडच्या बाजूने आलेल्या.

"आला. वाकला. उचलला," बामाबाई म्हणाल्या. "आता फिरंल." दांडा फिरत राहिला. पेटीतून नुसतं ऊन आलं. त्यांनी डोळा काढला. "पुढं कुठं हाय?"

मी तोंड उघडलं, आणि काका म्हणाले, "जळलं, बामाबाई. माझ्या हातून जळलं."

त्या घरात. जिथे बावीस वर्षांत काडी पेटली नव्हती, देवाला बॅटरी ओवाळली जात होती, माझ्या चपलेच्या खिळ्यांना प्रवेश नव्हता. मी काकूंकडे पाहिलं. बावीस पावसाळे डोक्यावर सूप धरून ज्यांनी आमटी आणली, त्या तांब्या घेऊन तशाच उभ्या होत्या. त्यांनी नवऱ्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. तांब्या खाली ठेवला आणि शेडमध्ये निघून गेल्या.

"काका, हे..." मी म्हटलं.

"तुझी काडेपेटी बाहेर राहिलीये. जा, बघ जा."

बामाबाईंनी पुन्हा डोळा लावला. दांडा उलटा फिरवला, परत सुलटा. असं तीनदा केलं. "कान त्याचाच," त्या म्हणाल्या. "बाली हाय." मग उठल्या आणि टोपलीतलं पान घेऊन गडग्याकडे गेल्या. कावळा लगेच आला की नाही ते मला सांगता येणार नाही. मी काडेपेटीवरची करवंटी उचलून त्या काडेपेटीकडे बघत बसलो होतो.

मला त्यांचा भयंकर राग आला, आणि तो अजून गेलेला नाही. मी कबूल करायला गेलो होतो आणि ह्यांनी ते माझ्या तोंडातून काढून घेतलं. वर त्याचे परिणाम स्वतः भोगत बसले. काकांच्या घरात फिल्म जळली ही बातमी कोपरीपासून भिवंडीपर्यंत गेली आणि ज्यांची ज्यांची माणसं त्या डब्यांत होती ते येऊन विचारू लागले, "आमचा हाय ना?" काका प्रत्येकाला पेटीपुढे बसवून दाखवत. मी रविवारी जाऊन दांडा फिरवायचो. एकदा मी म्हटलं, खरं काय ते सांगून टाकू या. "काय सांगणार?" ते म्हणाले. "तू लहान आहेस. तुला अजून पुष्कळ लोकांकडे मागायला जायचंय."

उरलेल्या तुकड्याची प्रत आधीच काढून घेतली होती, तिच्यावर पट पुरा झाला. त्यात हिरू टोपली उचलतो आणि पाठमोरा चालत जातो. साहेब म्हणाले, किती नैसर्गिक आहे. मी दिवे लागायच्या आत बाहेर आलो.

दिवाळीनंतर मला राहवेना. मी ठाण्याला उतरून कोपरीला गेलो. बामाबाई मिठाच्या आगरात बांधाला चिखल थापत होत्या. मी त्यांच्यापुढे उभा राहिलो आणि माझ्या पायांकडे बघत सगळं सांगितलं. प्रत काढायची सोडून मूळ तुकडा दिला तो मी, कापला गेला तो माझ्यामुळे, काकांच्या हातून काहीही जळलेलं नाही.

"मना ठाव हाय," त्या म्हणाल्या.

"कोणी सांगितलं?"

"सांगाला कशाला लागतंय? त्या घरान देवाला दिवा नाय लावीत. जलंल कसा?"

"मग तुम्ही तेव्हाच का नाही बोललात?"

"त्यांनी येक सांगितलं. मी त्यांचा सबूद मोरून काय करू?" त्या चिखल थापत राहिल्या.

म्हणजे बामाबाईंनाही ठाऊक होतं, काकूंनाही ठाऊक होतं, आणि तिघांनी मिळून मला मोकळं सोडलं होतं. माझा आवाज चढला. मी म्हटलं, मला काहीतरी बोला, शिव्या द्या, वर्षातून एकदा बघायचं होतं तेवढंही मी घालवलं तुमचं. त्यांनी खाडीच्या पाण्यात हात खळबळले. मी अजून खालीच बघत होतो.

"इकरं बग," त्या म्हणाल्या.

मान वर करायला मला वेळ लागला. त्या माझ्या तोंडाकडे निरखून बघत होत्या, भिंगाला डोळा लावून बघायच्या तशा.

"असाच," त्या म्हणाल्या. "असाच बगलेला तो. चोरी पकरल्यावानी."